अपिलाचा उंबरठा : गृहनिर्माण सहकारात दाद मागण्याचा हक्क कोणाचा?

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील व्याख्यानाचा मजकूर)



सातारा आणि सांगली या दोन जिल्ह्यांत सहकार म्हटले की डोळ्यांसमोर येतो तो साखर कारखाना, दूध संघ किंवा जिल्हा मध्यवर्ती बँक. या संस्थांच्या निवडणुका, त्यांतील गटबाजी आणि त्यांचे घोटाळे यांवर पारापासून विधानसभेपर्यंत चर्चा होते. गृहनिर्माण संस्थांविषयी मात्र कोणी बोलत नाही. तेथे ना उसाचा दर ठरतो, ना आमदारकीचा मार्ग निघतो. परंतु निवृत्त शिक्षक, एस.टी.चा वाहक, पाटबंधारे खात्यातील लिपिक, गिरणीतून बाहेर पडलेला कामगार यांच्या आयुष्याची सारी बचत ज्या एका वस्तूत अडकलेली असते, ती वस्तू म्हणजे घर. आणि ते घर पुष्कळदा एखाद्या संस्थेच्या भागपत्रावर उभे असते. त्या भागपत्रावरून तंटा निर्माण झाला आणि निकाल विरुद्ध गेला, तर वरच्या न्यायालयात जाण्याचा अधिकार कोणाला आहे, हा या व्याख्यानाचा विषय आहे. तो वरवर पाहता वकिलांचा विषय वाटतो. वस्तुतः तो मालमत्तेचा आणि लोकशाहीचा विषय आहे.

आधी थोडा इतिहास ध्यानात घेतला पाहिजे. हिंदुस्थानातील पहिला सहकारी कायदा १९०४ चा. तो केवळ पतसंस्थांपुरता होता. १९१२ च्या कायद्याने इतर प्रकारच्या संस्थांना वाट मोकळी झाली आणि १९१५ मध्ये मुंबईत गावदेवी येथे श्रीपाद सुब्राव तालमकी यांच्या पुढाकाराने सारस्वत गृहनिर्माण संस्था नोंदली गेली. शहरात भाड्याच्या खोलीत राहणाऱ्या मध्यमवर्गीयांनी एकत्र येऊन घरे उभारली, ही मोठीच गोष्ट होती. तथापि या चळवळीचा आरंभ ज्ञातीच्या आधाराने झाला हेही विसरता येत नाही. आत कोणाला घ्यावे आणि बाहेर कोणाला ठेवावे, हा प्रश्न गृहनिर्माण सहकाराच्या जन्मापासूनच त्याच्याबरोबर आहे. पुढे मुंबई प्रांताचा १९२५ चा कायदा आला आणि राज्यनिर्मितीनंतर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० आला. हाच कायदा अनेक दुरुस्त्यांसह आजही लागू आहे. २०१९ मध्ये त्यात गृहनिर्माण संस्थांसाठी एक स्वतंत्र प्रकरण घालण्यात आले.

या कायद्याने न्यायाच्या तीन वाटा आखल्या आहेत. त्या वेगवेगळ्या आहेत, हे न समजल्यामुळेच अनेकांची प्रकरणे बुडतात.

पहिली वाट कलम ९१ ची. संस्थेची घटना, सर्वसाधारण सभेचे कामकाज, व्यवस्थापन किंवा व्यवसाय यांच्याशी संबंधित तंटा सहकार न्यायालयाकडे न्यावयाचा. पूर्वी असे तंटे निबंधक किंवा त्याने नेमलेली व्यक्ती ऐकत असे. पुढे स्वतंत्र सहकार न्यायालये आली. कोणामधील तंटा तेथे चालेल याची यादी कायद्यातच आहे : संस्था, तिची समिती, पदाधिकारी, सभासद, माजी सभासद, सभासदाच्या मार्फत हक्क सांगणारी व्यक्ती, जामीनदार वगैरे. या न्यायालयाच्या निर्णयाविरुद्ध कलम ९७ खाली दोन महिन्यांच्या आत महाराष्ट्र राज्य सहकारी अपील न्यायालयाकडे अपील करता येते. हे अपील करणारा कोण, याचे कायद्यातील उत्तर आहे ‘व्यथित पक्षकार’.

दुसरी वाट कलम १५२ ची. संस्थेची नोंदणी, उपविधींतील दुरुस्ती, सभासदाच्या हकालपट्टीला मान्यता, समितीची बरखास्ती अशा बाबतींत निबंधक किंवा त्याच्या हाताखालचा अधिकारी जो आदेश काढतो, त्यावरचे अपील न्यायालयाकडे जात नाही. ते वरिष्ठ निबंधकाकडे किंवा राज्य शासनाकडे जाते. येथेही मुदत दोन महिन्यांचीच आहे.

तिसरी वाट कलम १५४ ची. जेथे अपिलाची सोयच नाही, तेथे शासन किंवा निबंधक स्वतः होऊन किंवा कोणाच्या अर्जावरून हाताखालच्या अधिकाऱ्याचे कागद मागवून आदेश तपासू शकतो. यालाच पुनरीक्षण म्हणतात. अर्ज करणारा कोण असावा याचे काटेकोर बंधन त्या कलमाच्या शब्दांत नाही. म्हणून ही वाट त्यातल्या त्यात रुंद आहे. मात्र ती हक्काची नाही. अधिकाऱ्याने दखल घ्यावी, ही त्यामागची अपेक्षा आहे.

आता पहिल्या वाटेवरील त्या दोन शब्दांकडे वळू. व्यथित आणि पक्षकार. ज्याला निकालाची झळ लागली तो व्यथित. ज्याचे नाव दाव्याच्या कागदावर आहे तो पक्षकार. कायदा या दोन्ही गोष्टी एका माणसात एकत्र मागतो, आणि प्रत्यक्षात त्या पुष्कळदा दोन वेगळ्या माणसांत सापडतात.

एक कल्पित उदाहरण घेऊ. साताऱ्याच्या एखाद्या उपनगरात पंचवीस सभासदांची संस्था आहे. तळमजल्यावरचा एक सभासद इमारतीमागच्या सामाईक मोकळ्या जागेवर हक्क सांगतो आणि संस्थेविरुद्ध सहकार न्यायालयात जातो. संस्थेच्या वतीने समितीने लढावयाचे. पण सचिव त्या सभासदाचा स्नेही आहे, लेखी म्हणणे वेळेवर दाखल होत नाही, साक्षीपुरावा होत नाही, आणि निकाल संस्थेच्या विरुद्ध जातो. इतर तेवीस कुटुंबांना हे कळते ते कुंपणाची भिंत उभी राहू लागते तेव्हा. मुलांची खेळण्याची जागा गेली, पाण्याच्या टाकीकडे जाण्याची वाट गेली. ती कुटुंबे व्यथित आहेत यात शंका नाही. परंतु ती पक्षकार नाहीत. पक्षकार आहे संस्था, आणि संस्थेच्या नावाने बोलणाऱ्या समितीला अपील करावयाचे नाही. ज्याला दुःख आहे त्याला अधिकार नाही, ज्याला अधिकार आहे त्याला दुःख नाही, अशी ही स्थिती होय.

न्यायालयांनी या प्रश्नाचा विचार केलेलाच नाही असे नाही. १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे महाराष्ट्र बार कौन्सिलचे एक प्रकरण आले. गैरवर्तनाचा आरोप असलेल्या काही वकिलांना अखिल भारतीय बार कौन्सिलने दोषमुक्त केले होते. त्याविरुद्ध राज्य कौन्सिलला अपील करता येते का, हा वाद होता. राज्य कौन्सिलचे स्वतःचे काय नुकसान झाले, असा प्रतिपक्षाचा प्रश्न होता. सात न्यायाधीशांच्या पीठाने कौन्सिलला व्यथित मानले. व्यथित कोण हे त्या त्या कायद्याच्या हेतूवरून ठरवावे, हा त्यातील बोध. त्याच वर्षाच्या अखेरीस गुजरातमधील एका चित्रपटगृहाच्या प्रकरणात न्यायालयाने दुसरी बाजू सांगितली. प्रतिस्पर्ध्याला परवाना मिळाला म्हणून आपला धंदा कमी होईल, एवढ्याने कोणी व्यथित होत नाही. खरोखर व्यथित, केवळ परका, आणि विनाकारण नाक खुपसणारा, असे तीन वर्ग न्यायालयाने तेथे वेगळे केले. १९७६ मध्ये मुंबईतील लोखंडी सामानाच्या दुकानांतील कामगारांच्या बोनसचा खटला आला. तेथे मुंबई कामगार सभेने कामगारांच्या वतीने दाद मागण्यास न्यायालयाने हरकत मानली नाही, आणि दुबळ्यांच्या बाबतीत हा नियम सैल धरला पाहिजे असे सूचित केले. पुढे १९८१ च्या न्यायाधीशांच्या बदल्यांच्या प्रकरणातून जनहित याचिकेचे दार उघडले, त्याची पूर्वतयारी अशा निकालांत दिसते.

पक्षकार नसलेल्या माणसाला अपील करावयाचे असेल, तर वरच्या न्यायालयाची परवानगी घेऊन तो ते करू शकतो, हा दिवाणी न्यायाचा जुना नियम आहे. १९७४ मध्ये पंजाबमधील जमिनीच्या कमाल मर्यादेच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयात त्याची चर्चा झालेली आहे. निकालाने आपले थेट नुकसान होते हे त्याने दाखविले पाहिजे. उदाहरणातील तेवीस कुटुंबांना ही एक फट उपलब्ध आहे. मुदत टळली असेल तर कलम १५३ खाली पुरेसे कारण दाखवून विलंब माफ करून घेता येतो. तथापि परवानगी आणि माफी या दोन्ही गोष्टी मागाव्या लागतात. त्या हक्काने मिळत नाहीत.

यावर जो प्रतिवाद केला जातो तोही प्रामाणिकपणे मांडला पाहिजे, कारण तो पोकळ नाही. १९८५ मध्ये पंजाबमधील सहकारी संस्थांच्या विलीनीकरणाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे तत्त्व मांडले की, सहकारी संस्थेचा सभासद झाल्यावर माणूस संस्थेच्या संदर्भात आपले वेगळे व्यक्तित्व गमावतो. कायदा आणि उपविधी देतील तेवढेच हक्क त्याला उरतात. इमारतींच्या पुनर्विकासाच्या वादांत मुंबई उच्च न्यायालयाने बहुमताच्या ठरावाला अल्पमत बांधील आहे, हीच भूमिका घेतली. १३ ऑक्टोबर २०२२ रोजी कलकत्त्याच्या बंगाल सेक्रेटरिएट गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणातही सर्वोच्च न्यायालयाने तेच सांगितले. सर्वसाधारण सभेने पुनर्विकासाचा निर्णय घेतल्यावर एकट्या सभासदाला तो अडवता येणार नाही.

या भूमिकेमागे व्यवहार आहे. चाळीस कुटुंबांची इमारत खचते आहे. कृष्णेच्या पुराचे पाणी २००५ मध्ये आले, २०१९ मध्ये आले, २०२१ मध्ये आले. सांगलीच्या सखल भागातील कित्येक इमारतींच्या पायांनी ते पाणी प्याले आहे. अशा वेळी एका सभासदाने हट्टाने, किंवा बिल्डरकडून जादा पैसे उकळण्यासाठी, अपिलामागून अपील केले तर एकोणचाळीस कुटुंबांनी कोठे जावे? समाजवाद्यांनी सामूहिक निर्णयाची बाजू घ्यावयाची नाही तर कोणी घ्यावयाची?

प्रश्न बिनतोड वाटतो. परंतु त्यात दोन गोष्टींची गल्लत आहे. संस्था बाहेरच्या जगाशी, म्हणजे महापालिकेशी, बँकेशी किंवा बिल्डरशी बोलते तेव्हा ती एका आवाजात बोलली पाहिजे, हे मान्य. पण तो एक आवाज कसा तयार झाला हे तपासण्याचा हक्क आतल्या प्रत्येकाला असलाच पाहिजे. सभेची नोटीस सर्वांना मिळाली का, गणपूर्ती होती का, इतिवृत्त खरे लिहिले का, समितीतील कोणाचा कंत्राटात हितसंबंध होता का, हे प्रश्न बहुमताला आव्हान देत नाहीत. बहुमत खरोखर झाले होते काय एवढेच ते विचारतात. कलम ९१ ने सभासदाला संस्थेविरुद्ध तंटा नेण्याचा अधिकार दिला आहे तो याचसाठी. कामगार संघटनेत किंवा पक्षात काम केलेल्या माणसाला हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. शिस्त आणि अंतर्गत लोकशाही या परस्परविरोधी गोष्टी नव्हेत.

आतापर्यंत सभासदाचा विचार झाला. त्याहून कठीण स्थिती आहे ती ज्यांचे नाव भागपत्रावर नाहीच त्यांची.

पहिली, घरातील स्त्री. भागपत्र नवऱ्याच्या नावावर, हप्ते दोघांच्या पगारातून. नवरा निघून गेला, किंवा त्याने परस्पर घर विकावयास काढले, तर संस्थेच्या दृष्टीने ती कोणीही नाही. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याने तिला सामाईक घरात राहण्याचा हक्क दिला. पण तो नवऱ्याच्या व सासरच्या विरुद्ध आहे, तो संस्थेच्या सभेत मत देत नाही. सभासदाच्या मार्फत हक्क सांगणारी व्यक्ती म्हणून ती सहकार न्यायालयात उभी राहू पाहील, तर आधी त्याच सभासदाचा आधार तिला घ्यावा लागतो, ज्याच्याशी तिचे भांडण आहे.

दुसरे, मृत सभासदाचे वारस. नामनिर्देशन एका मुलाच्या नावे, वारस चौघे. नामनिर्देशित व्यक्ती मालक होत नाही, ती विश्वस्तासारखी असते, हे मुंबई उच्च न्यायालयाने पूर्वीच म्हटले होते. २०१९ च्या दुरुस्तीने नामनिर्देशनावरून मिळणारे सभासदत्व तात्पुरते ठरविले, वारसांची नोंद होईपर्यंतचे. ही सुधारणा चांगलीच आहे. पण तोपर्यंत संस्थेची पत्रे, नोटिसा आणि निकालाच्या प्रती त्या एकाच्याच हाती पडतात. उरलेल्या तिघांच्या अपिलाची मुदत त्यांना न कळताच संपण्याचा धोका राहतो.

तिसरा, भाडेकरू. येथे कायद्याची एकतर्फी चाल उघड दिसते. मुंबईच्या श्याम गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, सभासदाने परवान्यावर ठेवलेल्या माणसाला बाहेर काढण्यासाठी संस्था कलम ९१ खाली तंटा दाखल करू शकते. तो नाममात्र सभासद झालेला होता आणि सभासदाच्या मार्फतच तेथे राहत होता. म्हणजे त्याला कोर्टात खेचण्यापुरता तो आतला आहे. पण पाणी तोडले, लिफ्ट बंद केली, तर सभेत उठून बोलण्यापुरता तो बाहेरचा आहे.

चौथे, ‘अपार्टमेंट’वाले. अनेक नव्या इमारती सहकारी संस्था म्हणून नव्हे, तर १९७० च्या अपार्टमेंट मालकी कायद्याखाली नोंदल्या जातात. रहिवाशांना हा फरक घोषणापत्रावर सही करताना कोणी सांगत नाही. भांडण झाल्यावर कळते की कलम ९१ ची वाट त्यांच्यासाठी नाही. 

यात भर पडते ती पैशाची आणि अंतराची. थकबाकीच्या वसुलीचा दाखला निघाला आणि त्याविरुद्ध पुनरीक्षण मागावयाचे असेल, तर वसुलीच्या रकमेच्या पन्नास टक्के आधी भरावे लागतात. संस्थेची थकबाकी बुडवणाऱ्यांना चाप बसावा हा हेतू रास्त आहे, कारण थकबाकीमुळे पाण्याचा पंप बंद पडतो तो गरिबाच्याही घरचा. पण आकारणीच चुकीची असेल तर? दोन-तीन सदनिकांचा मालक पन्नास टक्के भरतो आणि लढतो. निवृत्तिवेतनावर जगणारा चुकीची रक्कमही निमूटपणे भरून मोकळा होतो. अर्थशास्त्राच्या भाषेत बोलावयाचे तर, न्यायाची किंमत सर्वांना समान ठेवली की तो न्याय असमानच वाटला जातो.

अंतराच्या बाबतीत एक चांगली गोष्ट घडली आहे. दीर्घ आंदोलनानंतर १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाले. सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर या सहा जिल्ह्यांची प्रकरणे तेथे चालतात. सहकारी अपील न्यायालयाच्या निकालाविरुद्ध रिट याचिका करणाऱ्या मिरजेच्या माणसाला आता मुंबईची रात्रीची गाडी पकडावी लागत नाही. पण उच्च न्यायालय जवळ आले म्हणून खालच्या पायऱ्यांवरची अडचण आपोआप दूर होत नाही. ज्याला पहिल्याच पायरीवर ‘तुम्ही कोण?’ असे विचारून परत पाठविले, त्याला चौथी पायरी जवळ असून उपयोग काय?

या मातीला याहून वेगळी आठवण आहे. १९४९ पूर्वी सातारा आणि सांगली हे वेगळे जिल्हे नव्हतेच. तेव्हा दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याला सांगली हे नाव मिळाले. त्या जुन्या सातारा जिल्ह्यात बेचाळीसच्या लढ्यानंतर क्रांतिसिंह नाना पाटील यांच्या नेतृत्वाखाली प्रतिसरकार उभे राहिले आणि त्याने गावोगाव न्यायदान मंडळे स्थापन केली. सावकाराने लाटलेली जमीन, नांदवत नसलेली सून, बांधावरचे भांडण, असे तंटे तेथे गावासमोर निघत. त्या पद्धतीत दोष नव्हते असे नाही. शिक्षा कठोर असत आणि लढ्याच्या धामधुमीत प्रत्येक निर्णय निर्दोष असणे शक्यच नव्हते. तिचे आज अनुकरण करावे असेही कोणी म्हणणार नाही. परंतु एक गोष्ट तिने दाखवून दिली. ज्याला दुःख झाले आहे त्याने बोलावे आणि गावाने ऐकावे, एवढी साधी अट न्यायाला पुरते. त्याच मातीतील सहकाराने आज भागपत्र दाखविल्याखेरीज तोंड उघडू नये असे म्हणावे, हे शोभणारे नाही.

कार्यकर्त्यांनी काय करावे? कायदा बदलेल तेव्हा बदलेल, आज हाती आहे ते वापरले पाहिजे. सभेत विरोध केला तर तो इतिवृत्तात नावानिशी नोंदवून घ्यावा. न नोंदविल्यास त्याच आठवड्यात लेखी पत्र देऊन पोच घ्यावी. संस्थेविरुद्ध दावा लागल्याचे कळताच ज्यांना झळ बसणार आहे त्यांनी खालच्या न्यायालयातच पक्षकार करून घेण्याचा अर्ज द्यावा. निकालानंतर जागे होण्यापेक्षा हे शतपटीने सोपे. समिती अपील करीत नसेल, तर कलम ७६ खाली एकपंचमांश सभासदांच्या सहीने विशेष सर्वसाधारण सभेची मागणी करावी. पंचवीस जणांच्या संस्थेत पाच सह्या पुरतात, आणि सभेने ठराव केला की संस्थाच अपील करू शकते. मात्र हे सारे दोन महिन्यांच्या आत बसवावयाचे असते. घर घेतानाच पती-पत्नी दोघांची नावे भागपत्रावर लावून घ्यावीत. वारसांनी मृत्यूनंतर लगेच संस्थेला लेखी कळवावे.

आणि मागणी कशाची करावी? निकालाची प्रत संस्थेच्या फलकावर लावणे आणि प्रत्येक सदनिकेत पोचविणे बंधनकारक करावे. अपिलाची मुदत त्या दिवसापासून मोजावी. कलम ९७ मध्ये ‘पक्षकार’ या शब्दाबरोबर, निकालाने ज्याच्या राहत्या घरावर थेट परिणाम होतो अशा व्यक्तीचाही समावेश करावा. मोकळी जागा विकणे, पुनर्विकास आणि हकालपट्टी एवढ्या बाबतींत घरात राहणाऱ्या जोडीदाराला स्वतंत्र म्हणणे मांडू द्यावे. राहत्या एकाच घराच्या मालकाला पन्नास टक्क्यांच्या अटीतून सूट देण्याचा अधिकार पुनरीक्षण करणाऱ्या अधिकाऱ्याला असावा. अडवणुकीसाठी अपील करणाऱ्यांना भरपूर खर्च बसवावा, म्हणजे एकोणचाळीस कुटुंबांची काळजीही घेतली जाईल.

या मागण्यांत क्रांतिकारक असे काही नाही. पण साखर कारखान्याच्या गेटवर सभा घेणाऱ्या कार्यकर्त्याने महिन्यातून एक संध्याकाळ एखाद्या गृहनिर्माण संस्थेच्या जिन्याखाली बसून तेथील माणसांची कागदपत्रे वाचली, तर त्याला आढळेल की सहकाराची लोकशाही मोठ्या संस्थांत जितकी हरवते तितकीच येथेही हरवत आहे. येथे ती परत मिळविणे त्यामानाने सोपे आहे, कारण येथे लढाई पंचवीस दारांची आहे. प्रत्येक दारामागच्या माणसाला ‘तुम्ही कोण?’ या प्रश्नाला ‘येथे राहणारा’ एवढे उत्तर पुरेसे व्हावे, यासाठी ती लढावयाची आहे.